बदलीनंतरची ज्येष्ठता आणि पदोन्नतीचा हक्क : मुंबईतील राज्य शासकीय कर्मचाऱ्यांसाठी

एप्रिल-मे महिने आले की मंत्रालयाच्या आणि कोकण भवनाच्या जिन्यांवर एकच विषय असतो. कोणाची बदली कुठे झाली, कोणाला मुंबई मिळाली, कोणाची मुंबई सुटली. आदेश हातात पडताच डोळे आधी गावाचे नाव शोधतात आणि ते स्वाभाविकही आहे, कारण मुलांची शाळा, आईवडिलांचे आजारपण आणि घरभाडे या साऱ्यांचा हिशेब त्या एका नावाशी बांधलेला असतो. मात्र ज्येष्ठता आणि पदोन्नती यांचा हिशेब गावाच्या नावाशी बांधलेला नसतो. तो बांधलेला असतो आस्थापनेशी, म्हणजे आपले नाव ज्या ज्येष्ठता यादीत लागते त्या संवर्गाशी. बदलीच्या आदेशात गाव बदलले पण यादी तीच राहिली, तर पदोन्नतीच्या दृष्टीने काहीच घडलेले नसते. यादी बदलली, तर एकाच इमारतीत एका मजल्यावरून दुसऱ्या मजल्यावर गेलेल्या माणसाचीही दहा-बारा वर्षांची ज्येष्ठता पुसली जाऊ शकते. पुढील सर्व पायऱ्या या एका फरकाभोवती फिरतात.

आधी आपला ज्येष्ठता घटक शोधा

राज्य शासकीय कर्मचाऱ्यांच्या ज्येष्ठतेचे नियमन प्रदीर्घ काळ महाराष्ट्र नागरी सेवा (ज्येष्ठतेचे विनियमन) नियम, १९८२ यांनुसार होत असे. त्यांची जागा आता याच नावाच्या २०२१ च्या नियमावलीने घेतली आहे. दोन्हींच्या मुळाशी असलेले सूत्र एकच आहे : पदावरील, संवर्गातील किंवा सेवेतील नियमित व सलग सेवेवर ज्येष्ठता ठरते. या वाक्यातील ‘संवर्गातील’ हा शब्द बहुतेक जण वाचतात आणि विसरतात.

संवर्ग ओळखण्याची व्यवहारातली सोपी खूण म्हणजे नियुक्ती प्राधिकारी. महसूल खात्याचे उदाहरण घेऊ. महसूल सहायक किंवा अव्वल कारकून यांचे नियुक्ती प्राधिकारी जिल्हाधिकारी असतात, म्हणून त्यांची यादी जिल्ह्यापुरती असते. नायब तहसीलदारांची यादी विभागीय आयुक्त ठेवतात, म्हणून कोकण विभागात ती बेलापूरच्या कोकण भवनातून निघते. तहसीलदारांची यादी राज्यस्तरीय असते. आता बोरिवली तहसील कार्यालयातील महसूल सहायकाची बदली कुर्ला तहसील कार्यालयात झाली, तर दोन्ही कार्यालये मुंबई उपनगर जिल्ह्याची असल्याने त्याच्या ज्येष्ठतेला धक्का लागत नाही. तोच कर्मचारी वांद्र्याच्या उपनगर जिल्हाधिकारी कार्यालयातून फोर्टमधील जुन्या जकातघरातल्या मुंबई शहर जिल्हाधिकारी कार्यालयात गेला, तर लोकलचा प्रवास अर्ध्या तासाचा असला तरी जिल्हाधिकारी वेगळे आहेत, आणि यादी एकच आहे की दोन, हे पाहिल्याखेरीज पाऊल टाकू नये. उलट एखाद्या तहसीलदाराला पालघरहून थेट सिंधुदुर्गला पाठवले, तरी त्याची राज्यस्तरीय ज्येष्ठता जिथल्या तिथे राहते. मंत्रालयीन विभागांचे संवर्ग आणि त्याच विभागाच्या क्षेत्रीय कार्यालयांचे संवर्गही वेगवेगळे असतात. खाते एकच आहे म्हणून यादीही एकच असेल, ही समजूत अनेकांना महागात पडते.

म्हणून पहिली कृती अशी : आपल्या पदाचे सेवाप्रवेश नियम आणि दिनांक १ जानेवारी रोजीची अद्ययावत ज्येष्ठता यादी, ही दोन कागदपत्रे आस्थापना शाखेतून मिळवून घरी ठेवावीत. सेवाप्रवेश नियमांतून तीन गोष्टी कळतात : पदोन्नती कोणत्या पदावरून होते, त्यासाठी किती वर्षांची आणि कुठली सेवा लागते आणि सरळसेवा (थेट भरती) व पदोन्नती यांचे प्रमाण काय आहे. यादीतून कळते की आपण नेमके कुठे उभे आहोत.

आदेशातील तो एक शब्द

बदलीचे प्रकार बोलण्यात एकमेकांत मिसळून जातात, कागदावर मात्र ते काटेकोर वेगळे आहेत. संवर्गांतर्गत बदली, मग ती प्रशासकीय असो वा विनंतीवरून, ज्येष्ठतेला हात लावत नाही. महाराष्ट्र शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणाऱ्या विलंबास प्रतिबंध अधिनियम, २००५ या कायद्याखाली दरवर्षी एप्रिल-मे महिन्यांत होणाऱ्या नेहमीच्या बदल्या बहुतांशी याच स्वरूपाच्या असतात. त्या कायद्यातील तीन वर्षांचा सर्वसाधारण पदावधी, मुदतपूर्व बदलीसाठी लेखी नोंदवायची विशेष कारणे आणि लगतच्या वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता यांवर वाद होतात. पण तो वाद बदलीच्या वैधतेचा असतो, ज्येष्ठतेचा नव्हे. दोन्ही तक्रारी एकाच अर्जात कोंबल्या की दोन्ही कमकुवत होतात.

खरा प्रश्न संवर्गाबाहेर जाताना उद्भवतो. तेथे आदेशात ‘प्रशासकीय कारणास्तव’ किंवा ‘लोकहितास्तव’ असे लिहिले आहे की ‘स्वतःच्या विनंतीवरून’, यावर पुढची वीस वर्षे अवलंबून असतात. शासनाने आपल्या गरजेपोटी कर्मचाऱ्याला एका संवर्गातून दुसऱ्या समकक्ष संवर्गात नेले, पदे अतिरिक्त ठरली, कार्यालयांचे विलीनीकरण झाले, तर त्याची आधीची समकक्ष सेवा राखली जावी, हे न्यायाचे तत्त्व आहे. मुंबईकरांना यात विशेष रस वाटावा, कारण या विषयावरील एक महत्त्वाचा निकाल मुंबईच्याच शिधावाटप यंत्रणेतून आला आहे. वेगवेगळ्या खात्यांतून आणलेल्या कर्मचाऱ्यांची ज्येष्ठता ठरवण्यासाठी शासनाने १९६८ मध्ये काढलेल्या निर्णयाला आव्हान दिले गेले आणि मकाशी विरुद्ध मेनन या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय उचलून धरला. निरनिराळ्या ठिकाणांहून लोक एका नव्या सेवेत घेतले जातात, तेव्हा मूळ खात्यातील त्यांच्या एकूण सेवेचा मान राखणे हे न्याय्य आणि हितावह तत्त्व होय, असे न्यायालयाने म्हटले. त्याच निकालात आव्हान आठ वर्षांनी दिल्याबद्दल अर्जदारांची कानउघाडणीही झाली. तो भाग पुढे उपयोगी पडेल.

विनंतीवरून संवर्ग बदलल्यास चित्र उलटते. नव्या संवर्गात त्या दिवशी काम करत असलेल्या सर्वांच्या खाली, म्हणजे यादीच्या तळाशी, नाव लागते. के. पी. सुधाकरन विरुद्ध केरळ राज्य या २००६ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने यामागचे कारण स्पष्ट केले आहे : एकाच्या वैयक्तिक सोयीसाठी तेथे आधीपासून असलेल्यांची पदोन्नतीची संधी हिरावून घेता येणार नाही. कारण तर्काला पटणारे आहे. ज्यांना तळाशी जावे लागते त्यांना ते कठोर वाटते हेही खरे, पण त्याच यादीत मधे कोणी बाहेरून येऊन आपल्या डोक्यावर बसला असता तर आपण काय म्हटले असते, याचाही विचार करावा.

आता प्रत्यक्षात सर्वाधिक घोळ होतो ती जागा. कार्यालयाला एखादा कर्मचारी दुसऱ्या आस्थापनेवर हवा असतो, जागा रिकामी असते आणि कोणीतरी सहज सुचवते, “तुम्ही फक्त एक अर्ज देऊन ठेवा, म्हणजे फाइल लवकर हलेल.” कर्मचारी अर्ज देतो, आदेशात ‘विनंतीनुसार’ असा शब्द येतो आणि पाच वर्षांनी ज्येष्ठता यादी पाहताना त्या एका अर्जाची किंमत कळते. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. बदली खरोखर प्रशासकीय असेल तर अर्ज देऊ नये. द्यावाच लागला तर त्यात ‘प्रशासनाने दिनांक अमुकच्या पत्रान्वये केलेल्या सूचनेनुसार’ असा संदर्भ आवर्जून घालावा. आदेश चुकीच्या शब्दाने निघालाच, तर रुजू होण्यापूर्वी, किंवा रुजू अहवालासोबतच, लेखी हरकत नोंदवून पोच घ्यावी. नंतर केलेली हरकत पश्चातबुद्धी मानली जाते.

विनंती अर्जावर सही करण्याआधी

गट-क आणि गट-ड कर्मचाऱ्यांना एका नियुक्ती प्राधिकाऱ्याच्या आस्थापनेवरून दुसऱ्याच्या आस्थापनेवर कायमस्वरूपी जाता यावे, यासाठी सामान्य प्रशासन विभागाचे कायमस्वरूपी समावेशनाचे धोरण आहे. ते मे २०१९ मध्ये नव्याने निश्चित करण्यात आले. दोन्ही प्राधिकाऱ्यांची संमती, नव्या आस्थापनेवर आरक्षणाच्या क्रमातील योग्य बिंदूवर रिक्त असलेले पद आणि ज्येष्ठता सोडत असल्याचे हमीपत्र या तीन गोष्टींभोवती अशी प्रकरणे फिरतात. हमीपत्र नेहमीच्या छापील नमुन्यात असते आणि लोक ते रेल्वे आरक्षणाच्या फॉर्मसारखे भरून टाकतात. ‘मला ज्येष्ठता गमवावी लागेल याची जाणीव आहे’ या वाक्यावर सही केल्यानंतर, सेवाविषयक वाद ऐकणाऱ्या प्रशासकीय न्यायाधिकरणासमोर उभे राहून जाणीव नव्हती असे सांगता येत नाही.

सही करण्यापूर्वी चार बाबी पाहाव्यात. पहिली आणि सर्वांत महत्त्वाची : मूळ आस्थापनेवर आपला पदोन्नतीचा क्रमांक किती जवळ आला आहे? पदोन्नतीची निवडसूची १ सप्टेंबर ते ३१ ऑगस्ट या वर्षासाठी तयार होते. आपण विचारक्षेत्रात, म्हणजे पदोन्नतीसाठी ज्यांची नावे तपासली जातात त्यांत असताना, किंवा निवडसूचीत नाव आले असतानाही पदोन्नतीचा आदेश निघण्याआधी संवर्ग सोडला, तर मूळ संवर्गातील तो दावा संपतो आणि नव्या संवर्गात शून्यापासून सुरुवात होते. मुंबईला येण्याच्या घाईत सहा महिन्यांवर आलेली पदोन्नती सोडून आलेले लोक मी पाहिले आहेत. दुसरी बाब, नव्या आस्थापनेची यादी किती लांब आहे आणि वरच्या पदांवरून पुढील दहा वर्षांत किती जण निवृत्त होणार आहेत. ज्येष्ठता यादीत जन्मतारीख असतेच, त्यामुळे हा हिशेब एका दुपारी घरी बसून करता येतो आणि कधी कधी असे आढळते की नव्या ठिकाणी तळाला असूनही पदोन्नती लवकर मिळणार आहे, कारण तेथे निवृत्तीची लाट येते आहे. तिसरी बाब म्हणजे विभागीय परीक्षा : मूळ आस्थापनेवर उत्तीर्ण झालेली परीक्षा नव्या पदासाठी ग्राह्य आहे का, हे लेखी विचारून घ्यावे. ठरावीक मुदतीत आणि ठरावीक संधींत परीक्षा उत्तीर्ण न झाल्यास ज्येष्ठता घसरते, हा नियम बदली होऊन आलेल्यालाही चुकत नाही. चौथी बाब वेतनाची. समकक्ष पदावर वेतन सहसा राखले जाते, तरी आदेशात तसा उल्लेख आहे का हे पाहून ठेवावे.

आपसी बदलीबद्दल थोडक्यात सांगायचे तर दोघांनी जागा बदलल्या म्हणून दोघांनी ज्येष्ठताही बदलली, असे आपोआप होत नाही. आदेशात आणि आपल्या खात्याच्या धोरणात त्याबद्दल काय म्हटले आहे, तेच लागू होते.

प्रतिनियुक्ती, म्हणजे ठरावीक काळासाठी दुसऱ्या कार्यालयात उसनवारीवर जाणे, ही बदली नव्हे. मूळ पदावरील धारणाधिकार (त्या पदावर परतण्याचा हक्क) कायम असतो, मूळ यादीत नाव राहते आणि आपल्या खालच्या माणसाची पदोन्नती होते तेव्हा प्रतिनियुक्तीवरील कर्मचाऱ्याचाही विचार व्हावा लागतो. त्यासाठी मूळ कार्यालयाला आपण कुठे आहोत हे माहीत असावे लागते. महामंडळात किंवा प्राधिकरणात चार-पाच वर्षे रमलेल्या माणसाचे गोपनीय अहवाल मूळ विभागाकडे पोचलेलेच नसतात आणि पदोन्नती समिती ‘अहवाल उपलब्ध नाहीत’ म्हणून नाव बाजूला ठेवते. दरवर्षी मूळ विभागाला पत्र पाठवून अहवाल पोचल्याची खात्री करणे हे प्रतिनियुक्तीवरील कर्मचाऱ्याचे स्वतःचे काम समजावे. प्रतिनियुक्तीवरून तेथेच कायम समावेशन झाले, तर समकक्ष पदावरील आधीची सेवा मोजावी की नाही, यावर सब-इन्स्पेक्टर रूपलाल प्रकरणातील सर्वोच्च न्यायालयाचा १९९९ चा निकाल कर्मचाऱ्याच्या बाजूचा आहे. मात्र स्वतःच्या विनंतीवरून ज्येष्ठता सोडण्याचे हमीपत्र दिले असेल, तर त्याचा आधार घेणे अवघड जाते.

ज्येष्ठता गेली, पात्रता गेली नाही

लिपिकापासून उपसचिवापर्यंत अनेकांच्या मनात ज्येष्ठता आणि पात्रता यांची गल्लत असते. या लेखातील हा भाग दोनदा वाचावा, अशी विनंती आहे.

ज्येष्ठता म्हणजे रांगेतील क्रमांक. पात्रता म्हणजे रांगेत उभे राहण्याचा अधिकार. पदोन्नतीसाठी ‘अमुक पदावरील तमुक वर्षांची नियमित सेवा’ अशी अट असते. विनंती बदलीने रांगेतील क्रमांक तळाला गेला, तरी आधीच्या आस्थापनेवर त्याच पदावर केलेली सेवा हवेत विरून जात नाही. नव्वदच्या दशकात पोन्नप्पन प्रकरणात आणि त्यानंतर १९९८ मध्ये व्ही. एम. जोसेफ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितले : स्वेच्छेने बदली घेतलेला कर्मचारी नव्या ठिकाणी ज्येष्ठता गमावतो, पण पदोन्नतीच्या पात्रतेसाठी त्याची आधीची सेवा मोजावी लागते. द्विजेनचंद्र सरकार प्रकरणात हाच विचार कालबद्ध पदोन्नतीला लावला गेला.

समजा, एक महसूल सहायक २०१२ मध्ये रत्नागिरीत नियुक्त झाला आणि २०२० मध्ये विनंतीवरून मुंबई उपनगरात आला. नव्या यादीत तो २०१९ मध्ये नियुक्त झालेल्यांच्याही खाली जाईल. हे पटवून घ्यावेच लागेल. पण वरच्या पदासाठी समजा पाच वर्षांच्या सेवेची अट आहे आणि २०२१ मध्ये पदे रिक्त झाली. त्याच्यावर असलेल्या काहींची पाच वर्षे पुरी झालेली नाहीत, काही परीक्षा उत्तीर्ण नाहीत. अशा वेळी रत्नागिरीची आठ वर्षे धरून हा कर्मचारी पात्र ठरतो आणि सेवाप्रवेश नियमांत वेगळी तरतूद नसेल, तर पात्र उमेदवारांत त्याचा विचार व्हायलाच हवा. ‘तुम्ही इथे येऊन एकच वर्ष झाले’ असे उत्तर मिळाले, तर ते वरील निकालांच्या विरुद्ध आहे. फक्त एक गोष्ट पाहावी : नियमांत ‘या आस्थापनेवरील सेवा’ असे स्पष्ट शब्द आहेत का? असतील, तर मुद्दा वेगळ्या मार्गाने मांडावा लागेल.

हाच न्याय सेवांतर्गत आश्वासित प्रगती योजनेला, म्हणजे पदोन्नती न मिळाल्यास ठरावीक सेवेनंतर वरचे वेतन देणाऱ्या योजनेला, लागतो. २०१९ च्या शासन निर्णयानुसार सुधारित योजनेत १०, २० आणि ३० वर्षांच्या सेवेनंतर लाभ मिळतो. हा लाभ ज्येष्ठतेवर नव्हे तर सेवेच्या कालावधीवर मिळतो, म्हणून विनंती बदलीने आलेल्याने ‘माझी ज्येष्ठता गेली, आता दहा वर्षे पुन्हा मोजावी लागतील’ असे समजून गप्प बसू नये. मूळ आस्थापनेकडील सेवा पडताळणीची नोंद सेवापुस्तकात आहे का, एवढे पाहावे आणि लेखी मागणी करावी.

तात्पुरती यादी निघाली, आता काय करायचे

दिनांक १ जानेवारी रोजीची ज्येष्ठता यादी आधी तात्पुरती प्रसिद्ध होते, हरकतींसाठी मुदत दिली जाते आणि नंतर ती अंतिम होते. बदली होऊन आलेल्याचे नाव यादीत चुकीच्या जागी लागण्याची कारणे साधी असतात : मूळ नियुक्तीची तारीख न टाकता नव्या ठिकाणी रुजू झाल्याची तारीख टाकलेली असते, प्रशासकीय बदली ‘विनंती’ म्हणून नोंदलेली असते, स्पर्धा परीक्षेतील गुणवत्ता क्रमांक डावलून रुजू तारखेवर क्रम लावलेला असतो किंवा नावच राहून गेलेले असते.

हरकत अर्ज लांबलचक लिहू नये. आस्थापना शाखेतला लिपिक तो वाचून टिप्पणी लिहिणार आहे, हे लक्षात ठेवून एका पानात मांडावा. साधारण असा :

“संदर्भ : दिनांक … ची तात्पुरती ज्येष्ठता यादी, अनुक्रमांक … . महोदय, उपरोक्त यादीत माझ्या नावासमोर संवर्गातील नियुक्तीचा दिनांक … असा दर्शविण्यात आला आहे. वस्तुतः माझी नियमित नियुक्ती दिनांक … च्या आदेशान्वये झाली असून माझी या आस्थापनेवरील बदली दिनांक … च्या आदेशानुसार प्रशासकीय कारणास्तव झाली आहे, माझ्या विनंतीवरून नव्हे. दोन्ही आदेशांच्या प्रती जोडल्या आहेत. सबब माझे नाव अनुक्रमांक … व … यांच्या दरम्यान घेण्यात यावे आणि निर्णय मला लेखी कळविण्यात यावा.”

शेवटचे वाक्य क्षुल्लक वाटते, पण लेखी निर्णय हाती आल्याखेरीज पुढची पायरी नीट चढता येत नाही. अर्जाची एक प्रत आवक शिक्क्यासह स्वतःकडे ठेवावी. सोबत नियुक्ती आदेश, लोकसेवा आयोगाची शिफारस यादी असल्यास ती, प्रत्येक ठिकाणचा रुजू अहवाल व कार्यमुक्ती आदेश, परीक्षा उत्तीर्ण झाल्याचे निकालपत्र, स्थायित्व प्रमाणपत्र आणि जात वैधता प्रमाणपत्र लागू असल्यास तेही जोडावे. हे सारे कागद वर्षानुवर्षे एका फाइलमध्ये नसतील, तर आजपासून ठेवावेत. सेवापुस्तकाची दुसरी प्रत कर्मचाऱ्याजवळ असायला हवी आणि ती दरवर्षी मूळ प्रतीशी ताडून पाहायला हवी. बदल्यांच्या वेळी सेवापुस्तक एका कार्यालयातून दुसऱ्या कार्यालयात जाताना त्यातील पाने आणि नोंदी दोन्ही गहाळ होतात.

दहा वर्षांपूर्वी झालेल्या तात्पुरत्या नियुक्तीचा काळ जोडून मागण्याआधी डायरेक्ट रिक्रूट क्लास टू इंजिनिअरिंग ऑफिसर्स असोसिएशन विरुद्ध महाराष्ट्र शासन हा १९९० चा घटनापीठाचा निकाल समजून घ्यावा. नियमानुसार झालेल्या नियुक्तीपासून ज्येष्ठता मोजतात, कायम करण्याच्या दिनांकापासून नव्हे. पण नियम डावलून केवळ हंगामी सोय म्हणून झालेल्या नियुक्तीचा काळ मोजला जात नाही. महाराष्ट्रातील ज्येष्ठतेचा जवळपास प्रत्येक वाद आजही या निकालापाशी येऊन थांबतो.

यादीच निघत नसेल, किंवा निघालेली यादी दाखवली जात नसेल, तर माहिती अधिकार अधिनियम, २००५ खाली दहा रुपये शुल्क भरून जन माहिती अधिकाऱ्याकडे अर्ज करावा. तीस दिवसांत उत्तर अपेक्षित असते. मागताना ‘ज्येष्ठता यादी’ एवढेच न मागता बिंदुनामावली (आरक्षणानुसार पदांचा क्रम दाखवणारी नोंदवही), रिक्त पदांची स्थिती आणि विभागीय पदोन्नती समितीचे इतिवृत्तही मागावे. आपल्याला डावलले गेले की विचार होऊन अपात्र ठरवले गेले, हे इतिवृत्ताखेरीज कळत नाही.

समितीसमोर नाव जाते तेव्हा

पदोन्नती हा हक्क नाही, पदोन्नतीसाठी विचार होणे हा हक्क आहे. संविधानाच्या अनुच्छेद १६ मधून हा अर्थ निघतो. विभागीय पदोन्नती समिती ज्येष्ठता, गोपनीय अहवाल, परीक्षा, मत्ता व दायित्वाची विवरणे आणि चौकशीची स्थिती पाहते. बदली झालेल्यांची अडचण बहुतेक वेळा अहवालांत असते, कारण वर्षाच्या मध्यात कार्यालय बदलले की दोन प्रतिवेदन अधिकाऱ्यांनी आपापल्या काळाचा अहवाल लिहायचा असतो आणि जुन्या कार्यालयाला आता आपली आठवण नसते. कार्यमुक्त होण्याच्या दिवशीच स्वयंमूल्यांकन सादर करून पोच घ्यावी. अहवालातील प्रत्येक शेरा, नुसता प्रतिकूलच नव्हे, कर्मचाऱ्याला कळवला पाहिजे, हे देव दत्त (२००८) आणि सुखदेव सिंग (२०१३) या निकालांनी स्पष्ट केले आहे. न कळवलेल्या शेऱ्याच्या आधारे डावलले असेल, तर तो ठोस मुद्दा आहे.

चौकशी नुसती ‘प्रस्तावित’ आहे, म्हणून नाव मोहोरबंद पाकिटात टाकणे, म्हणजे समितीची शिफारस चौकशी संपेपर्यंत बंद ठेवणे, योग्य नाही. दोषारोपपत्र बजावले गेल्यावरच ती पद्धत लागू होते, असे जानकीरामन प्रकरणात १९९१ मध्ये ठरले.

गट-अ आणि गट-ब मधील पदोन्नतीसोबत महसुली विभागाचे वाटप येते. मुंबई सोडायची नाही म्हणून पदोन्नती नाकारणारे अनेक जण भेटतात. नाकारण्याआधी दोन परिणाम माहीत असावेत : ठरावीक काळ पुन्हा विचार होत नाही आणि आश्वासित प्रगती योजनेच्या लाभावर गंडांतर येते. दरम्यान कनिष्ठ पुढे जातो आणि वरच्या पदावरील ज्येष्ठता कायमची त्याची होते.

पदोन्नतीतील आरक्षणाचा वाद या लेखाच्या कक्षेबाहेरचा आहे. एवढेच लक्षात ठेवावे की ४ ऑगस्ट २०१७ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने पदोन्नतीत आरक्षण देणारा २५ मे २००४ चा शासन निर्णय रद्द ठरवल्यानंतर, ७ मे २०२१ च्या शासन निर्णयात २५ मे २००४ रोजीच्या ज्येष्ठतेचा आधार घेतला गेला. ज्यांची बदली किंवा समावेशन त्या तारखेच्या अलीकडे-पलीकडे झाले आहे, त्यांनी त्या दिवशी आपण कोणत्या संवर्गात आणि कितव्या क्रमांकावर होतो, याचा कागद जपून ठेवावा.

न्यायाधिकरणाचा दरवाजा आणि घड्याळ

राज्य शासकीय कर्मचाऱ्यांसाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण १९९१ पासून काम करते. त्याचे मुख्य पीठ मुंबईत, मंत्रालयापासून चालत जाण्याच्या अंतरावर आहे. अन्य पीठे नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर येथे आहेत. जिल्हा परिषदेचे किंवा बृहन्मुंबई महानगरपालिकेचे कर्मचारी येथे येऊ शकत नाहीत, त्यांचा मार्ग वेगळा आहे. केंद्र शासनाच्या मुंबईतील कार्यालयांचे कर्मचारी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या मुंबई खंडपीठाकडे जातात.

प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ मधील कलम २० आणि २१ मिळून असे सांगतात : आधी खात्यातील उपाय वापरा. अंतिम आदेश मिळाला असेल तर त्यापासून एका वर्षात मूळ अर्ज करा. निवेदनाला सहा महिने उत्तरच आले नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एका वर्षात करा. उशीर झाल्यास सबळ कारण दाखवून तो माफ करण्याची विनंती करता येते, पण ‘मी निवेदनामागून निवेदने देत होतो’ हे कारण चालत नाही. सी. जेकब प्रकरणात २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बजावले की जुन्या दाव्यावर नव्याने मिळालेल्या उत्तराने मुदत पुन्हा सुरू होत नाही. शिबा शंकर महापात्र प्रकरणात तीन-चार वर्षे स्थिर राहिलेली ज्येष्ठता नंतर हलवू नये, असे म्हटले गेले. शिधावाटप प्रकरणातील आठ वर्षांची आठवण येथे पुन्हा करावी. साहेब चांगले आहेत, पुढच्या वर्षीच्या यादीत दुरुस्त करतील, या भरवशावर गेलेले वर्ष परत येत नाही.

अर्जात शासन आणि नियुक्ती प्राधिकारी यांच्याबरोबर ज्यांचे क्रमांक आपल्या मागणीने खाली सरकणार आहेत, त्या सहकाऱ्यांनाही प्रतिवादी करावे लागते. रोज एका टेबलावर डबा खाणाऱ्या माणसाला प्रतिवादी करणे जिवावर येते, हे समजण्यासारखे आहे. पण त्याला न ऐकता त्याच्याविरुद्ध आदेश होऊ शकत नाही आणि केवळ या त्रुटीपायी चांगली प्रकरणे फेटाळली जातात. प्रकरण चालू असताना पदोन्नतीचे आदेश निघणार असतील, तर ते ‘मूळ अर्जाच्या अंतिम निर्णयाच्या अधीन राहून’ निघावेत, अशी अंतरिम मागणी पहिल्याच तारखेला करावी. संपूर्ण स्थगिती क्वचित मिळते, हे अंतरिम संरक्षण मात्र बहुधा मिळते आणि पुरेसेही असते. न्यायाधिकरणाच्या निर्णयाविरुद्ध मुंबई उच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठाकडे जाता येते. हा मार्ग एल. चंद्रकुमार प्रकरणातील १९९७ च्या निकालाने खुला झाला.

या साऱ्या काळात आमदारांचे शिफारसपत्र आणण्याचा मोह टाळावा. १९७९ च्या वर्तणूक नियमांनुसार सेवाविषयक बाबीत बाहेरून दबाव आणणे हे गैरवर्तन आहे आणि ते पत्र फाइलला लागले की आपला स्वच्छ मुद्दा डागाळतो.

मानीव दिनांक मिळाल्यानंतर

दावा मान्य झाला की कनिष्ठाला पदोन्नती मिळालेल्या दिवसाचा मानीव दिनांक, म्हणजे आपलीही पदोन्नती त्याच दिवशी झाली असे मानणारी तारीख, दिली जाते. वरच्या पदावरील ज्येष्ठता त्या दिवसापासून धरली जाते. थकबाकीचे मात्र वेगळे आहे. वाढीव जबाबदारीच्या पदाचे वेतन प्रत्यक्ष कार्यभार घेतल्यापासून मिळावे, असे महाराष्ट्र नागरी सेवा (वेतन) नियम, १९८१ मधील नियम ३२ चे सूत्र आहे. आपली कसलीही चूक नसताना प्रशासनाच्या चुकीने आपल्याला त्या पदापासून दूर ठेवले गेले असेल, तर थकबाकीची मागणी स्वतंत्रपणे आणि मूळ अर्जातच करावी. मागितले नाही तर मिळत नाही. मानीव दिनांकाचा आदेश आल्यावर काल्पनिक वेतननिश्चिती, वेतनवाढीचा सुधारित दिनांक आणि वरच्या संवर्गाच्या यादीतील नवा क्रमांक या तिन्ही नोंदी सेवापुस्तकात झाल्या की नाही, हे वेतन पडताळणी पथकाकडे पुस्तक जाण्याआधी स्वतः पानावर बोट ठेवून पाहावे.